खुर्सीपारात फ्रान्सचा राजा

शालिकराम गजभिये राजे-महाराजांच्या इतका विरोधात होता, की पत्ते खेळताना बादशहा हातात आला तरी तोंड वाकडं करायचा. एरवी माणूस गरीब. भिलाईचा पोलाद कारखाना उभा राहत होता, तिथे तो रिगरच्या गँगमध्ये. क्रेनने उचललेला अगडबंब लोखंडी नग डोक्यावर लटकत असताना खाली उभं राहून क्रेनवाल्याला हाताने खुणा करायच्या, वर घे, सरकव, थांब, हे त्याचं काम. ज्याच्या बोटावर दिवसभर लोखंड हलतं त्याला घरी आवाज चढवायची गरज पडत नाही. आणि चढवून उपयोग तरी काय? त्याची बायको शेवंता काही क्रेनवाली नव्हती.

गाव त्याचं भंडारा जिल्ह्यात, साकोलीकडे. छप्पन साली दोघांनी नागपूरला जाऊन दीक्षा घेतली आणि पुढच्याच वर्षी वळकटी बांधून भिलाई गाठली. खुर्सीपारला एका कुडाच्या खोलीत संसार थाटला. खोली कसली, उभं राहिलं तर डोकं छपराला आणि झोपलं तर पाय शेजाऱ्याला. पण भिंतीवर बुद्धाची आणि बाबासाहेबांची तसबीर होती, आणि स्वातंत्र्य, समता, बंधुता हे तीन शब्द शालिकरामला पाठ होते. ते कुठून कसे आले, कोणी त्यांच्यासाठी मार खाल्ला, हे मात्र त्याला कृष्णराव भेटेपर्यंत ठाऊक नव्हतं.

कृष्णराव हे टाइमकीपर. नागपूरला दोन वर्षं कॉलेज करून परीक्षेत गचकले होते, पण त्या दोन वर्षांत त्यांना एकोणिसाव्या शतकातला युरोप चावला होता आणि ते विष काही उतरायला तयार नव्हतं. श्रोते मिळवायची त्यांची युक्ती साधी होती. वस्तीत नळ एकच, त्याला पाणी कधी येईल याचा नेम नाही. रविवारी सगळं खुर्सीपार बादल्या मांडून कडुनिंबाखाली बसलेलं असायचं, आणि रांग सोडून उठायची कोणाची छाती नव्हती. कृष्णराव तिथे उभे राहून बोलत. पाणी येईपर्यंत युरोपात क्रांती चाले. पाणी आलं की इटलीचं एकीकरण अर्धवट टाकून लोक नळाकडे धावत.

तरी बादल्यांपाशी बसून माणसं जे शिकली ते काही कमी नव्हतं. उदारमतवादी म्हणजे कोण, तर राजा राहू द्या पण त्याला कायद्याने बांधा असं म्हणणारे. हे सगळ्यांना लगेच पटलं, कारण बैलाला वेसण घालतात ती काही बैल मारायला नाही. मग कृष्णरावांनी असे लोक सांगितले ज्यांना राजा नको, सरकार नको, कोणाचीच सत्ता नको. त्यावर शालिकराम म्हणाला, तो माणूस क्रेनखाली उभा राहिलेला दिसत नाही. पाच जण पाच खुणा करायला लागले तर नग कोणाच्या टाळक्यावर येईल ते त्याला विचारा. कृष्णरावांनी तो प्रश्न मोठ्या आदराने ऐकला. लोकांना सगळ्यात जास्त आवडायची ती अठराशे अठ्ठेचाळीसची गोष्ट. फ्रान्समध्ये भरपूर कर भरणाऱ्यांनाच मताचा अधिकार होता. बाकीचे रस्त्यावर उतरले, फरशा उखडून आडवे बांध घातले, आणि राजा गादी सोडून, दाढी काढून, भलत्याच नावाने इंग्लंडला पळाला. ही गोष्ट शालिकराम पुन्हा पुन्हा सांगायला लावी. राजा पळाला तिथे आला की मांडीवर थाप मारी.

आता या माणसाच्या पोटात काय होतं ते सांगतो. त्याला राजा व्हायचं होतं.

दिवाळी झाली की झाडीपट्टीत, म्हणजे भंडारा-गोंदियाकडे, गावोगाव मंडई नावाची जत्रा भरते आणि मंडईत भर दिवसा दंडार होते. दंडार म्हणजे नाच, गाणं, सोंगं आणि एक राजा. राजा आल्याशिवाय दंडार नाही. तो झगा घालून, मुकुट घालून, ढोलकीच्या तालावर मिरवत येतो, गादीवर बसतो आणि पहिलं गाणं त्याचं. शालिकरामच्या गावी राजाचं सोंग बळीरामजी कापगत्यांच्या घरात पिढीजात होतं. बळीरामजींनी उभी हयात राजा केला, आणि केला तो खरोखर देखणा. शालिकरामचा बाप डफ वाजवायचा. पण वाजवायचा तो मंडपाच्या बाहेर बसून, उन्हात. पोरांनीही तिथूनच टाचा उंचावून पाहायचं. शालिकरामने राजाची सगळी गाणी अशी टाचांवर उभं राहून पाठ केली होती. राजा हटला पाहिजे हे त्याचं मत होतं आणि ते पक्कं होतं. फक्त हटण्याआधी एकदा तो राजा आपण असावं, एवढी त्याची इच्छा होती. ही गोष्ट त्याने बायकोलाही सांगितली नव्हती, म्हणजे ती तिला माहीत होती.

तिसऱ्या भट्टीचं काम चालू होतं त्या वर्षी खुर्सीपारच्या लोकांनी ठरवलं, आता आपणही मंडई भरवायची आणि दंडार करायची. शालिकरामने तोंडाला पाणी सुटलेल्या माणसासारखं घाईघाईने सुचवलं की दंडार फ्रान्सची करावी. कृष्णरावांच्या डोळ्यांत पाणी आलं. लोकांनी एवढंच विचारलं की फ्रान्सच्या दंडारीत राजा आहे ना? आहे म्हटल्यावर सगळे तयार झाले.

आणि मग घोळ सुरू झाला. क्रांती करायला कोणीच मिळेना. उपाशी कामगार कोण होणार, आडवा बांध कोण घालणार, तर सगळे इकडेतिकडे पाहू लागले. दिवसभर हातोडा मारून आलेल्या माणसाने सणाच्या दिवशीही फाटका सदरा घालून हातोडाच मारायचा, यात काय मजा? राजा व्हायला मात्र अर्धी गँग उठून उभी. हळूहळू बाकीचे बसले आणि दोघंच राहिले. एक शालिकराम. दुसरा भैयालाल कापगते, बळीरामजींचा थोरला मुलगा, तोही त्याच गँगमध्ये. भैयालाल माणूस सरळ. गावी कधी जे झालं नसतं ते तो इथे रोज करी, शालिकरामच्या डब्यातली भाकर खाई. पण राजा म्हटलं की तो आपणच, यात त्याला विचार करण्यासारखं काही वाटलं नव्हतं. घरची शेती जशी आपली तसं हे.

वाद वाढला तेव्हा कृष्णराव म्हणाले, निवडणूक घ्या, आणि घ्या ती गुप्त मतदानाने. मत गुप्त का हवं, मालकाच्या डोळ्यांदेखत कूळ खरं मत का देऊ शकत नाही, यावर त्यांनी सुंदर भाषण केलं आणि नेमकं त्या दिवशी पाणी उशिरा आल्यामुळे ते पूर्णही झालं. राजाची निवडणूक ही कल्पना युरोपात कोणाला हसू आणणारी असेल, खुर्सीपारात नाही. तेलाचा एक रिकामा पिंप आणला, त्याच्याभोवती धोतराचा पडदा बांधला. शालिकरामला नट, भैयालालला बोल्ट. टाकाऊ नट-बोल्टांना तिथे काय तोटा!

तोच शेवंता उठली. तिने विचारलं, बायांनी कधी टाकायचं? कृष्णरावांनी खाकरून सांगितलं की अठ्ठेचाळीस साली फ्रान्समध्ये सर्वांना मताचा अधिकार मिळाला, पण त्या सर्वांमध्ये बायका नव्हत्या. शेवंता म्हणाली, मग ते सर्व कसलं, ते अर्धे. आणि राजाचा झगा बाया शिवणार आहेत, तेव्हा झगा पाहिजे असेल तर मत पाहिजे, नाहीतर राजाला लंगोटीवर बसवा. फ्रान्सच्या बायकांना पुढे जवळजवळ शंभर वर्षं थांबावं लागलं. खुर्सीपारच्या बायकांना त्याच बैठकीत मिळालं.

मतदान सुरू झालं आणि पहिल्याच मताला सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिलं. रिकाम्या पिंपात नट पडला की बारीक टिण् वाजे आणि बोल्ट पडला की ठण्. लोखंडात आयुष्य घालवणारे लोक. कोणता बोल्ट किती इंची हेसुद्धा काही जण आवाजावरून सांगत होते. धोतराच्या पडद्याने डोळे झाकले, कान कोण झाकणार? कृष्णराव हात जोडून सांगत होते की ऐकू नका, पण न ऐकता कसं ऐकायचं ते त्यांनाही सांगता येईना.

शेवंता पडद्याआड गेली. ठण्.

सगळी वस्ती शालिकरामकडे पाहू लागली. शालिकराम नळाकडे पाहू लागला. त्यानंतर तो स्वतः आत गेला आणि टिण् वाजलं, त्यात कोणाला नवल वाटलं नाही. शेवटी भैयालाल गेला. पंगतीत आपल्या पानात आपण आधी वाढून घेऊ नये, या घरच्या वळणाला तो माणूस जागला. आतून टिण् आलं. पिंप उलटा केला तेव्हा शालिकराम एका मताने निवडून आला होता, आणि ते एक मत कोणाचं हे सगळ्यांना ऐकू आलेलं होतं. जिंकूनही त्याला मान वर करवेना. मग त्यानेच भैयालालला क्रांतीचा पुढारी केलं, राजाला गादीवरून ओढायचं काम त्याला दिलं. भैयालाल हो म्हणाला.

घरी आल्यावर शालिकराम जेवायला बसला. भाकर मोडता मोडता शेवटी त्याने विचारलंच, की साऱ्या जगाने टाकला तर टाकला, तू बोल्ट कावून टाकला?

शेवंता चुलीपुढून उठली नाही. "तुमी राजा झाले तं मले का वाईट वाटन? पण त्या राजाले हाकलतेत ना. गावात आपल्याले मंडपाबाहेर बसवत होते, ते मी पाह्यलं. आता मंडपात घेतीन, गादीवर बसवतीन, अन् मंग भैयालाल कापगते साऱ्या लोकांइसमोर तुमाले म्हणन, उतर खाली. ते मी नाही पाहणार."

"अवं, ते फ्रान्समंधलं हाये."

"पाहणारे तं साकोलीकडचेच हायेत."

शालिकरामला हे म्हणणं मुळीच पटलं नाही. बायकांना इतिहासातलं काय कळतं, असं तो मनात म्हणाला, आणि तालमीला गेला. आपल्याकडच्या हुशार पुरुषांची ही जुनी खोड आहे. बायको खरं बोलली की त्यांना तातडीने बाहेर काम निघतं.

दंडारीच्या दिवशी दुपारी मैदान माणसांनी फुललं. पहिली पाळी करून लोक अंगावरच्या धुळीसकट आले होते. कुम्हारीहून आले, तिकडे बोरसीहूनही आले. आणि गावाहून बळीरामजी आले. मुलाचा राजा पाहायला म्हणून म्हातारा दुर्गला गाडीने उतरला होता, आणि भैयालालला बापाला खरं सांगायचा धीर झाला नव्हता. त्यांना मानाने सगळ्यांच्या पुढे सतरंजीवर बसवलं. गादी म्हणून रशियन यंत्रांची एक भली मोठी लाकडी पेटी होती, तिच्यावर लाल कापड. मुकुट पत्र्याचा.

ढोलकी कडाडली आणि शालिकराम आला. झगा असा शिवला होता की शेवंताने मत कोणाला दिलं याची कोणाला शंकाही आली नसती. फ्रान्सचा राजा गिरक्या घेत आला, मिशीला पीळ देत गादीवर बसला, आणि ज्या गाण्याची त्याने तीसेक वर्षं वाट पाहिली होती ते त्याने असं उचललं की लोक वेडे झाले. वन्समोर, पुन्हा वन्समोर. बाजूला उभे राहून कृष्णराव कुजबुजत होते की अरे बाबा, पॅरिसमध्ये लोक उपाशी मरताहेत, आता आटप. पण पॅरिसच्या उपाशी लोकांनाच गाणं अजून एकदा हवं होतं. आडव्या बांधाचंही तसंच झालं. गँगने तो सिमेंटच्या गोण्या आणि पिंप रचून असा मजबूत बांधला, की क्रांतिकारकांना स्वतःलाच तो ओलांडता येईना. शेवटी ते वळसा घालून आले.

हातोडा खांद्यावर टाकून भैयालाल गादीपुढे उभा राहिला. इथे त्याला दोनच शब्द होते. उतर खाली.

त्याने तोंड उघडलं आणि मिटलं. समोर राजा बसला होता, पण भैयालालला राजा दिसेना, शालिकराम दिसू लागला. मागे सतरंजीवर आपला बाप बसला आहे हे त्याला पाठीला कळत होतं. तालमीत शंभरदा म्हटलेले ते दोन शब्द, पण तालीम कृष्णरावांपुढे झाली होती, बापापुढे नाही. आणि मग मैदानातल्या लोकांनाही कळायला लागलं. साकोलीकडची, गोंदियाकडची, सगळ्या जातींची माणसं. हे दोन शब्द कोणी कोणाला म्हणायची रीत आहे ते कोणाला शिकवावं लागत नव्हतं. शिट्ट्या थांबल्या. समतेची दंडार करायला निघालेल्या शहाण्या लोकांनी गावचाच जुना खेळ फ्रान्सचे कपडे घालून मांडला होता, आणि महिनाभर तो कोणाच्याही ध्यानात आला नव्हता. म्हणजे एकीच्या आला होता.

ढोलकीवाला बिचारा वाजवतच राहिला. शालिकरामने बायकांच्या बाजूला पाहिलं. शेवंता रंगमंचाकडे पाठ करून बसली होती. डोक्यावरून पदर, मान खाली. भैयालालने हातोडा या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतला. आता हा ते शब्द म्हणाला तरी वाईट आणि न म्हणाला तरी वाईट, हे शालिकरामला स्वच्छ दिसलं.

तो उठला. मुकुट आपल्या हाताने काढला आणि गादीवर ठेवला.

"उतरवाले कोणी येऊ नका," तो म्हणाला. "मी माह्या पायानं उतरतो."

आणि झगा सावरत, ताठ मानेने, सावकाश खाली उतरला. उतरून भैयालालच्या शेजारी, कामगारांच्या रांगेत जाऊन उभा राहिला. कृष्णराव बाजूने जिवाच्या आकांताने सांगत होते, पळ, इंग्लंडला पळ. शालिकराम त्यांना मोठ्यानेच म्हणाला की मी कुठं पळत नाही, मी खुर्सीपारलाच राहतो.

कोणी हसलं नाही. टाळी वाजवावी की नाही हे कोणाला सुचेना. सगळ्यांचे डोळे सतरंजीवर. म्हाताऱ्याच्या चेहऱ्यावरून काही कळत नव्हतं. मग बळीरामजींनी घसा साफ केला.

"वन्समोर," ते म्हणाले.

लोक गोंधळले. वन्समोर गाण्याला देतात, राजा गादी सोडतो त्याला कोण देतं? कृष्णराव पुढे होऊन म्हणाले की इतिहासात असं पुन्हा होत नसतं. पण म्हणता म्हणता त्यांनाच आठवलं की फ्रान्सने एकाच राजावर भागवलं नव्हतं. त्याच्या आधीही राजे हाकलले होते आणि पुन्हा आणून बसवले होते. ते मागे सरले.

बळीरामजी त्यांच्याकडे पाहतही नव्हते. "मी जनमभर राजा केला," ते शालिकरामला म्हणाले. "मले बसता ये, गाता ये. पण असं उतरता मले कधीच नाही आलं. पुन्हा एक बार उतर पाहू."

शालिकराम खाली उभा होता, जमिनीवर. झग्याची दोरी सुटत आली होती. "उतरलो तं हावो, बळीरामजी," तो म्हणाला. "आता कुठून उतरू?"

"मंग जा ना वर. उतराले पहिले बसा लागते." म्हाताऱ्याने हात उचलून लाल गादीकडे दाखवलं. "बस, शालिकराम."

गजभियांच्या घरातला कोणीही माणूस बळीरामजी कापगत्यांसमोर आजवर बसला नव्हता, आणि बस हा शब्द त्यांच्या तोंडून त्या घराला कधी मिळाला नव्हता. भैयालालने हातोडा खाली टाकला, पेटीवरचा मुकुट उचलला आणि शालिकरामच्या डोक्यावर नीट बसवला. बायकांच्या बाजूला शेवंता वळून बसली होती. पदर मागे गेला होता आणि ती डोळे न पुसता बघत होती.

शालिकराम वर गेला आणि गादीवर बसला. कृष्णरावांनी बऱ्याच खाणाखुणा केल्या, ढोलकीवाल्याने दोनदा तोडा वाजवला, पण या खेपेला त्याने उतरायची मुळीच घाई केली नाही.